पाणसळ

नकाशा जेवणाच्या टेबलावर उघडलाय,
चार कोपऱ्यांवर चार वजनं:
मिठाची बरणी, मायचा चष्मा,
अँसल्मचा मोबाइल
आणि त्याची पाणसळ.

त्याची म्हणजे मायकल केनीची.
पणजोबांचा बाप, किंवा त्याचाही बाप,
ह्यावर घरात अजून एकमत नाही.
खाडीवर रेल्वेचा पूल बांधायला आला,
रूळ सपाट बसलेत का ते बघायचं, एवढंच त्याचं काम,
आणि पूल झाल्यावर
परतीच्या बोटीत बसायचं विसरला.

काळपट लाकूड, पितळी पट्टी,
काचेच्या नळीत हवेचा एक थेंब.
ह्या थेंबानं आमच्या घरातली प्रत्येक फळी,
प्रत्येक खिडकीची चौकट तपासलीय.
माय म्हणते ती आयर्लंडची हवा.
असेलही.
नळी तर कधी फुटली नाही.

चर्चच्या कचेरीत दुमिंगनं रजिस्टर काढून दिलं.
फोटो काढ, म्हणाला,
पण पान उलटताना श्वास रोखून धर.
गाव: किलमोर.
त्या आनंदात मी तलावपाळीवर सगळ्यांना भेळ खाऊ घातली.
रात्री शेरिलनं शोधलं.
किलमोर म्हणजे मोठं देऊळ,
आणि मोठ्या देवळांना तिकडे तोटा नाही.
बावीसपर्यंत मोजून तिनं लॅपटॉप मिटला.
आपल्याकडे कुणी परक्यानं उतरून
वडगाव कुठे, एवढंच विचारावं, तसं झालं.

तरी यादी चालूच आहे.
सहा महिन्यांचं बँक स्टेटमेंट.
मायचा गुडघा, आणि गुडघ्यासाठी डॉक्टरचं पत्र.
अँसल्मला कड्यावर उभं राहून फोटो हवाय,
शेरिलला मेंढ्या.
गोखले रोडवरचा एजंट म्हणतो, आयर्लंडला आहे काय?
त्याच पैशात स्वित्झर्लंड करून देतो.
मायला बाटली मसाला न्यायचाय.
कुणासाठी गं?
'त्याच्या आईच्या थडग्यावर ठेवीन.
पोरगा इथं का राहिला, ते कळू दे तिला.'

व्हिसाच्या अर्जात एक रकाना:
प्रवासाचा हेतू.
मी लिहिलं, परत जाणे.
मग खोडलं.
आपण तिथून आलोच कुठे?
आला तो.
आपण इथंच होतो,
चेंदणीच्या धक्क्यावर जवळा वाळत घालत,
तो उतरला तेव्हा.

म्हणून तो फोटो पुन्हा मोठा करून बघितला.
नवऱ्याच्या रकान्यात बापाचं नाव, गाव, वय, धंदा,
सहीला झोकदार शेपटी.
बायकोच्या रकान्यात: मारी.
पुढे शाईचा डाग नाही, वाळवी नाही,
नुसतीच जागा.

तिचं गाव गाठायला विमान लागत नाही.
रिक्षाचं मीटर पडायच्या आत चेंदणी.
एवढ्या वर्षांत आमच्यातलं कुणी
विचारायला गेलं नाही.

'बुधवारी जाऊ,' माय म्हणाली.
'बाजारात बसतात त्यांच्या म्हाताऱ्या,
त्यांना कुणाची कोण सगळं पाठ असतं.'
आणि आयर्लंड?
'ते काय पळून जातंय?
पहिलं जवळचं.'

अँसल्म इतका वेळ पाणसळीकडेच बघत होता.
थेंब दोन रेघांच्या मध्ये नव्हता,
पश्चिमेला जाऊन बसलेला.
'बघ ना, घरची ओढ,' शेरिल म्हणाली.
'घर खाडीकडे खचलंय,' अँसल्म म्हणाला,
'हवा उंच बाजूला जाते, दुसरं काही नाही.'

मायनं एजंटचं कोटेशन उचललं,
त्याच्या चार घड्या घातल्या,
वाकता येत नाही म्हणून पायाच्या अंगठ्यानंच
टेबलाच्या खुराखाली ढकललं.

आम्ही तिघं वाकून बघत राहिलो
थेंब कुठे थांबतो ते.
माय तोवर विचारत होती,
बुधवारी बोंबील आणायचे का
येताना.